सुभद्रेचं मत

माझ्या लग्नात भांडण झालं ते हुंड्यावरून नाही, मानपानावरून नाही, मांडवाच्या पताकांवरून!

१९८८ सालची गोष्ट. माझं माहेर उरण तालुक्यातलं. आजोबांपासून घर शेतकरी कामगार पक्षाचं, म्हणजे आमच्याकडच्या भाषेत लाल बावट्याचं. सासर इथलं, पनवेल तालुक्यातल्या शिरढोणचं, आणि घर काँग्रेसचं. मुलगा नोकरीला, जात एक, पत्रिका जुळलेली. पक्ष तेवढा जुळत नव्हता. पण "बघू, लग्नानंतर होईल सगळं सुरळीत" असं म्हणून दोन्हीकडच्या मोठ्यांनी सुपारी फोडली.

वऱ्हाड आमच्या दारात उतरलं आणि चुलत सासऱ्यांनी मान वर करून पाहिलं. मांडवभर लाल पताका! माझ्या दादाच्या मित्रांनी हौसेनं लावलेल्या. चुलत सासरे तिथंच थांबले. "आम्ही लग्नाला आलोय का सभेला?" इकडून माझे काका पुढं सरसावले. "मांडव आमचा, पताका आमच्या!" झालं. भटजी घड्याळ बघतायत, बँडवाले गप्प उभे, आणि नवरदेव गाडीतच बसून.

शेवटी माझी आजी उठली. पदर खोचून मांडवाच्या मधोमध उभी राहिली नि म्हणाली, "लाल नको ना? बरं. मग पोरीच्या कपालाला कंच्या रंगाचा कुकू लावायचा त्ये पन सांगा. हिरवा आनू का निला?"

सगळा मांडव हसला. चुलत सासरेही हसले. लाल पताकांमध्ये घाईघाईनं थोड्या पिवळ्या ओवल्या गेल्या आणि मुहूर्त टळला नाही.

ही गोष्ट मी आजवर शंभर वेळा तरी सांगितली असेल. भिशीला, हळदीकुंकवाला, बारशाला. ऐकणारी हमखास हसते. पण खरं सांगू? सांगता सांगता एक दिवस माझ्याच लक्षात आलं, की या गोष्टीत काका बोलतात, सासरे बोलतात, आजी बोलते. मी कुठंच नाही. मी आत पाटावर बसले होते, मुंडावळ्या बांधून. मला लाल हवं की पिवळं हे कुणी विचारलं नव्हतं. आणि कुणी विचारावं, असं मलाही वाटलं नव्हतं.

पहिलं मत टाकलं ते दुसऱ्याच वर्षी. १९८९ मध्ये मतदानाचं वय एकविसावरून अठरावर आलं आणि माझ्यासारख्या विशीतल्या सुनांची नावंही यादीत लागली. त्या वर्षीच्या लोकसभेला सासऱ्यांनी ओटीवर बसून माझ्या हातात चिठ्ठी दिली. "शिक्का कुठं मारायचा माहीत आहे ना?" मी मान हलवली. परत आल्यावर पुन्हा विचारणा. "तुम्ही सांगितलं तसंच," मी म्हटलं. शिक्का गेला, मशीन आलं, पण माझं उत्तर अजून तेच आहे. पडद्याआड मी काय केलं ते मला आणि देवाला ठाऊक.

हे सगळं पुन्हा वर यायला कारण झालं एक नाटक आणि आमची पुतणी.

पुतणी म्हणजे धाकट्या भाऊजींची मुलगी. शिकली, पनवेलला नोकरीला लागली, आणि शेजारच्या गावातल्या एका मुलाशी तिचं जमलं. मुलगा निर्व्यसनी, कमावता, जातसुद्धा एक. आमच्याकडे अशा वेळी देव पाण्यात ठेवायचं कारण उरत नाही. पण मुलाचे वडील भाऊजींच्या विरोधी पक्षातले! कुठला पक्ष ते लिहीत नाही, कारण हे छापून येईपर्यंत तो बदललाही असेल.

भाऊजी म्हणाले, "ग्रामपंचायतीला उभं राहायचंय. लोक म्हणतील, ह्याच्या घरातच फूट. नाही म्हणजे नाही." आता गंमत बघा. आपल्याकडे ग्रामपंचायतीची निवडणूक पक्षाच्या चिन्हावर होतच नाही. कायद्यानं तिथं पक्षच नाही. आणि भाऊजी तरी कुठं उभे राहणार होते? २०११ पासून राज्यात पंचायतींच्या निम्म्या जागा बायकांना राखीव आहेत. त्यांचा प्रभाग राखीव होईल, असं सगळेच धरून चालले होते. म्हणजे मशीनवर नाव यायचं ते माझ्या जावेचं. तिला अजून कुणी विचारलंही नव्हतं!

पुतणी रात्री माझ्याजवळ येऊन बसली. "काकू, तुम्ही तर दुसऱ्या पक्षाच्या घरातून आलात. तुम्ही कुणाला मत देता?"

"ते गुप्त असतं गं," मी म्हटलं.

"गुप्त असतं, का नसतंच?"

मैत्रिणींनो, त्या रात्री मला झोप लागली नाही.

त्यानंतर थोड्याच दिवसांनी पनवेलच्या नाट्यगृहात 'संगीत सौभद्र'चा प्रयोग लागला. नाट्यगृहाला नाव आहे आद्य क्रांतिवीर वासुदेव बळवंत फडके यांचं, म्हणजे आमच्या शिरढोणच्याच सुपुत्राचं. त्यामुळे तिथं गेलं की आम्हाला उगाच माहेरी आल्यासारखं वाटतं. सासूबाई, जाऊ, पुतणी आणि मी अशा चौघी गेलो. पदं ऐकायला गेलो होतो, पण बघता बघता ते नाटक आमच्याच घरातलं निघालं.

गोष्ट तुम्हाला माहीत असेल, तरी सांगते, जरा आमच्या गावच्या नजरेनं. द्वारकेत एकाच घरात दोन पक्ष. थोरले बळरामदादा कौरवांच्या बाजूचे. त्यांनी बहीण सुभद्रा दुर्योधनाला द्यायचं ठरवून टाकलंय. धाकटा श्रीकृष्ण पांडवांचा. सुभद्रेचं मन अर्जुनावर. म्हणजे प्रश्न नुसता नवऱ्यामुलाचा नाही, यादवांचं घर कुठल्या गोटात जाणार याचा आहे. कृष्ण मोठ्या भावाला तोंडावर 'नाही' म्हणत नाही. मुरलेले पुढारी करतात तेच करतो. समोर मान डोलावतो आणि मागून सूत्रं हलवतो. घटोत्कचाकरवी सुभद्रेला रानात पोचवतो. तिथं निराश होऊन संन्याशाचा वेष घेतलेला अर्जुन आहेच. मग हाच संन्यासी द्वारकेजवळ येऊन बसतो. भोळे बळरामदादा त्याच्या पाया पडतात, कौतुकानं त्याला घरी आणतात, आणि त्याच्या सेवेला कुणाला ठेवतात? सुभद्रेला! जो जावई नको म्हणून एवढा आटापिटा, त्याचंच दादा स्वतःच्या हातानं आदरातिथ्य करतात.

जाऊ माझ्या कानाशी लागली, "वहिनी, हे बळराम म्हणजे अगदी आमचे हे!" आम्ही दोघी तोंडावर पदर धरून हसलो. पुतणी मात्र हसत नव्हती. ती टक लावून सुभद्रेकडे बघत होती.

अण्णासाहेब किर्लोस्करांचं हे नाटक पुण्यात पहिल्यांदा रंगभूमीवर आलं १८८२ मध्ये. माणसं महाभारतातली, पण घर अस्सल मराठी. घरातल्या थोरल्याचा हट्ट, धाकट्याचं मागच्या दारचं राजकारण, भगवी वस्त्रं दिसली की वाकणारी डोकी, सगळ्याची थट्टा त्यात आहे, आणि कुणाला लागेल अशी एकही नाही.

त्याच काळात आमच्या गावचे वासुदेव बळवंत एडनच्या तुरुंगात दिवस काढत होते. ४ नोव्हेंबर १८४५ चा त्यांचा शिरढोणचा जन्म. पुण्यात सरकारी नोकरी, आजारी आईला भेटायला वेळेवर रजा मिळाली नाही ही ठसठस, दुष्काळात मेलेली माणसं, आणि मग १८७९ चं बंड. त्याच वर्षी पकडले गेले, पुण्यात खटला चालला, एडनला रवानगी झाली आणि १७ फेब्रुवारी १८८३ ला तिथंच देह ठेवला. दर वर्षी त्या तारखेला गावातल्या स्मारकावर माणसं जमतात.

त्या खटल्यातली एक गोष्ट मला फार मोलाची वाटते. फडक्यांच्या बाजूनं कोर्टात उभे राहिले ते सार्वजनिक काका, म्हणजे गणेश वासुदेव जोशी. काका सभांचा, अर्जांचा, स्वदेशीचा रस्ता धरलेले. १८७० मध्ये सार्वजनिक सभा उभी करण्यात पुढाकार घेतलेले. शस्त्राचा रस्ता त्यांचा नव्हता. तरी "तुमचं आमचं मत जुळत नाही" म्हणून त्यांनी पाठ फिरवली नाही. मत वेगळं असताना माणूस आपला मानता येतो, हे आमच्या गावच्या इतिहासातच लिहिलेलं आहे. आम्ही फक्त हार घालतो आणि घरी येतो.

आता तुम्ही म्हणाल, पक्ष-बिक्ष एवढं काय मनावर घ्यायचं! नाही हो, तसं मी म्हणणार नाही. आमच्या रायगडात पक्ष म्हणजे नुसता झेंडा नव्हता. अलिबागजवळच्या चरी गावात १९३३ ते १९३९ अशी सहा वर्षं कुळांनी खोतांच्या जमिनी कसल्या नाहीत. नारायण नागू पाटील त्या संपाचे पुढारी. घरातली भांडी विकली, पण नांगर धरला नाही. उरणकडे जानेवारी १९८४ मध्ये जमिनींच्या मोबदल्यासाठी दि. बा. पाटलांच्या नेतृत्वाखाली आंदोलन झालं आणि पोलिसांच्या गोळीबारात पाच जण गेले. मी तेव्हा पंधरा वर्षांची. चुलीपाशी रडणारी आई अजून डोळ्यांपुढे आहे. आणि सासरच्यांची निष्ठा तरी फुकटची होती का? १९३० च्या चिरनेरच्या जंगल सत्याग्रहाच्या गोष्टी ऐकत ती पिढी वाढली होती. अशा घरांत पक्ष देव्हाऱ्याशेजारी बसतो. त्याला हसायचं म्हणजे घरातल्या म्हाताऱ्यांच्या घामाला हसायचं. ते मला कधीच जमणार नाही.

पण ज्यांच्यासाठी आपण हे जपलं त्यांनी काय केलं? २०१९ च्या लोकसभेला माझ्या माहेरचा बावटा आणि सासरचा पंजा चक्क एकाच आघाडीत होते! माझ्या लग्नाला तेव्हा एकतीस वर्षं झाली होती. टीव्हीवर ते बघून मी ह्यांना म्हटलं, "आता काढा बरं त्या पिवळ्या पताका." त्याच वर्षी नोव्हेंबरात मुंबईत भल्या सकाळी शपथ घेतलेलं सरकार चार दिवसांत गेलं आणि कालचे वैरी एका बाकावर बसले. २०२२ मध्ये एक पक्ष फुटला, २०२३ मध्ये दुसरा. मोठ्यांच्या सोयरिकी अशा रातोरात जुळतात आणि मोडतात, तेव्हा कुणी पत्रिका बघत नाही. गावातल्या एका पोरीनं शेजारच्या गावातला मुलगा पसंत केला की मात्र घराण्याची निष्ठा आठवते.

म्हणून मला वाटतं, या विषयावर खरं औषध म्हणजे नाटक. भाषणानं माणूस चिडतो. नाटकात शेजारच्याला हसता हसता तो स्वतःला हसतो. १९५७ मध्ये पु. ल. देशपांड्यांनी 'तुझे आहे तुजपाशी'त हेच तर केलं. एकीकडे विरक्तीचे धडे देणारे आचार्य, दुसरीकडे आयुष्य चवीनं जगणारे काकाजी, आणि मधे त्या घरातली तरुण मुलं. लोक पोट धरून हसले आणि घरी जाऊन विचारात पडले. त्याहून कितीतरी जुनं सांगायचं तर ग्रीस देशात ॲरिस्टोफेनिस नावाच्या नाटककारानं इसवी सनापूर्वी ४११ मध्ये 'लिसिस्ट्राटा' हे नाटक आणलं. त्यात दोन्ही बाजूंच्या बायका एक होतात आणि लढाई थांबेपर्यंत नवऱ्यांना जवळ येऊ द्यायचं नाही असं ठरवतात. शेवटी पुरुष ताळ्यावर येतात. अडीच हजार वर्षांपूर्वीच्या बायकांना जे सुचलं, ते आपल्याला का सुचू नये?

पण इथं एक मेख आहे. त्या ग्रीक नाटकात बायकांची कामं पुरुषच करत. आपल्या 'सौभद्रा'तही सुरुवातीला सुभद्रा झाले ते भाऊराव कोल्हटकर, आणि पुढं बालगंधर्वांनीही सुभद्रा गाजवली. म्हणजे तिचं दुःख, तिचा हट्ट, तिची पसंती, सगळं पुरुषानं लिहिलं आणि पुरुषानंच म्हटलं. नाटकातही बघा. बळराम ठरवतो दुर्योधन, कृष्ण ठरवतो अर्जुन. नशिबानं कृष्णाची आणि तिची आवड एक निघाली म्हणून सगळं गोड झालं. कृष्णाच्या मनात तिसराच कुणी असता तर?

प्रयोग संपला. आम्ही चौघी रिक्षात बसलो. पळस्प्याच्या पुढं आलो, की दिवसा कर्नाळ्याचा सुळका दिसतो. आमच्या वासुदेव बळवंतांचे आजोबा त्या गडाचे किल्लेदार, असं सांगतात. रात्री काळोखच होता. पुतणी अचानक म्हणाली, "आजी, तू गं कुणाला मत देतेस?"

जाऊ दचकली. सासूबाईंचं वय पंच्याऐंशीच्या घरात. पंजाच्या घरातली ही थोरली बाई, नवऱ्यामागं इतकी वर्षं सभांना चहा करून पाठवणारी. त्या शांतपणे म्हणाल्या, "मी? मी कायम खटाऱ्यालाच."

खटारा म्हणजे लाल बावट्याची जुनी निशाणी! रिक्षावाल्यानं मान वळवून मागं बघितलं.

"अहो आई, काय सांगताय!" माझ्या तोंडून निघालं.

"माजा बापूस चरीच्या संपान व्हता. आय सांगायची, सा वरसं चूल धड पेटली नाय. मी दुसऱ्याला मत दिला असता त त्यो सपनान येऊन इचारला असता."

"आणि बाबांना कधी सांगितलं नाहीत?"

"त्यानी कदी इचारला? त्ये सांगायचं, मी ऐकायची. इचारला असता त सांगितला असता."

रिक्षात कुणीच काही बोललं नाही. मग सगळ्यात आधी पुतणी हसायला लागली, आणि मग आम्ही सगळ्याच. डोळ्यांतून पाणी येईपर्यंत हसलो. रिक्षावालाही हसत होता. पण त्या हसण्यात मला काहीतरी टोचत होतं. पन्नास-साठ वर्षं एका घरात दोन मतं सुखानं नांदली. ना घर फुटलं, ना भाकरी करपली. मग आपण भितो ते कशाला? वेगळ्या मताला भितो, का बाईला मत असतं या गोष्टीला?

दुसऱ्या दिवशी जेवताना मी सासूबाईंकडे पाहिलं. त्यांनी मान हलवली. मग मी भाऊजींना म्हटलं, "भाऊजी, तुम्ही म्हणता घरात फूट नको. तुमच्या आईचं मत कुणाला जातं ते एकदा विचारा बरं." त्यांनी विचारलं. सासूबाईंनी सांगितलं. हातातला घास हातात राहिला. आमचे हे माझ्याकडे बघत होते. आता आपलाही नंबर लागणार, हे त्यांना कळून चुकलं असावं.

लग्न ठरलं का, असं विचाराल. अजून नाही. भाऊजी दोन दिवस कुणाशी बोलले नाहीत. तिसऱ्या दिवशी म्हणाले, "येऊ देत रविवारी. बघायला काय हरकत आहे." आणि जावेनं, न विचारताच, सांगून टाकलं, की निवडणुकीला उभी राहीन, पण फलकावर माझा फोटो माझ्याएवढाच मोठा पाहिजे. हे तर नाटकातही नव्हतं!

गावोगाव गणपतीत, जत्रेत अजून हौशी नाटकं होतात. माझं म्हणणं एवढंच, की यंदा एखादं नाटक या विषयावर बसवा. दोन गावं, दोन पक्ष, एक मुलगा, एक मुलगी. पुढारी येऊ देत, शपथा येऊ देत, पताका तर हव्यातच. लोक हसतील. पण त्यात एक प्रवेश असा ठेवा, की सगळे ओरडून ओरडून थकलेत आणि कुणीतरी नवरीला विचारतंय, "तुझं काय मत?" आणि तिचं वाक्य लिहायला गावातल्या मुलींनाच बसवा.

आपल्या भाषेत बूथवर टाकतो तेही मत आणि मनात असतं तेही मतच. पहिलं गुप्त ठेवायचा हक्क कायद्यानं दिला आहे. दुसरं गुप्त ठेवायची सवय मात्र आपली आपणच लावून घेतली. मीही लावून घेतली, पस्तीसच्या वर वर्षं.

रविवारी मुलाकडची माणसं येणार आहेत. पोहे मी करणार आहे. मुलाला पगार किती, घर कुणाच्या नावावर, हे भाऊजी विचारतीलच. मी एकच प्रश्न विचारणार आहे, "आमच्या मुलीचं मत तुमच्याहून वेगळं निघालं, तर काय कराल?"

उत्तर काहीही येवो. पण प्रश्न विचारताना पुतणी आतल्या खोलीत नसेल. ती समोर बसलेली असेल.